उसन्या आवाजाची बाई

दुपारची झोप मोठी लबाड. रात्रीची झोप सांगूनसवरून येते, दिवा मालवायला लावते, पांघरूण मागते. दुपारची तशी नाही. माणूस खुर्चीत बसलेला असतो, कसलातरी विचार करत असतो, आणि ही मागून येऊन त्याच्या डोळ्यांवर हात ठेवते.

एलादिओच्या डोळ्यांवर आत्ता तो हात आहे. माद्रिद शहर, चौथा मजला, ऑगस्ट महिना. बाहेर ऊन असं मी म्हणतंय की रस्त्यावर चिटपाखरू नाही. खिडकीच्या लाकडी पट्ट्या त्याने खाली ओढून घेतल्यात, तरी फटीफटीतून उजेडाच्या रेघा फरशीवर पडल्याच आहेत. अख्खी इमारत समुद्रकिनारी सुट्टीला गेलीय. मागे राहिलेत ते म्हातारे, आणि ज्यांना कुठे जायचाच कंटाळा आलाय ते. एलादिओ दोन्हींत बसतो.

टेबलावर फोन आहे. तो संध्याकाळी वाजणार आहे आणि एका प्रश्नाचं उत्तर मागणार आहे. हो किंवा नाही, एवढंच. प्रश्न काय ते आधी सांगून टाकलेलं बरं, नाहीतर स्वप्नात शिरल्यावर तुम्हीच विचारत बसाल की ही बाई कोण आणि पाण्यात का उभी आहे.

तर हा एलादिओ सिनेमे लिहायचा आणि काढायचा. आयुष्यभर दुसरं काही केलं नाही, करताही आलं नसतं. पहिला सिनेमा सोडला तर बाकीचे लोक विसरले, आणि त्यात लोकांची काही चूक नाही असं तो स्वतःच म्हणतो. एक गाढवाचा विनोदी सिनेमा होता, त्यात विनोद काय तो गाढवाने केला. संतांच्या आयुष्यावर टीव्हीमालिका काढली, ती निम्मे संत व्हायच्या आत बंद पडली. शेवटी शेवटी सार्डिन माशांच्या डब्यांच्या जाहिराती केल्या. पण पहिला सिनेमा! त्याचा शेवट! कोळ्याची बायको गुडघाभर पाण्यात उभी आहे. नवरा होडीतून कायमचा परदेशी निघालाय. कॅमेरा होडीत, म्हणजे नवऱ्याच्याच डोळ्यांनी आपण तिच्याकडे बघतोय. आणि ती म्हणते, "जा. पण समुद्राला माझं नाव सांगू नकोस."

बस, हे एक वाक्य, आणि एलादिओ अमर झाला. टॅक्सीवाले ते वाक्य म्हणून दाखवतात. कॉफीच्या मगांवर ते छापलं गेलंय. एका मंत्र्याने राजीनामा देताना तेच म्हणून डोळे पुसले होते. दाताच्या डॉक्टरने कवळी बसवताना, एलादिओचं तोंड उघडं असताना, त्याला ते ऐकवलंय. नको नको झालंय त्याला, पण नाकारणार कसं? तेवढंच तर आहे गाठीला.

आता आतली गोष्ट. पडद्यावरचा चेहरा एलादिओच्या थोरल्या बहिणीचा, ओलायाचा. अस्तुरियासच्या बंदरावर ती मासळी विकायची. चेहरा असा की बघणाऱ्याने टोपी काढावी, आणि आवाज असा की बघणाऱ्याने ती पुन्हा घालून पळ काढावा. घोगरा, फाटका, वर्षानुवर्षं बाजारात ओरडून चिरफाळलेला. त्या काळी स्पेनमध्ये चित्रीकरण आधी व्हायचं आणि आवाज नंतर स्टुडिओत भरले जायचे, सगळ्यांचेच. निर्मात्याने ओलायाला दोन वाक्यं बोलायला लावली आणि म्हणाला, "चेहरा ठेवा, आवाज बदला." मग तिला आवाज दिला कन्सुएलो नावाच्या बाईने. रेशमी, खालच्या पट्टीतला. तो इतका चपखल बसला की पुढच्या प्रत्येक सिनेमात चेहरा ओलायाचा आणि आवाज कन्सुएलोचा हे ठरूनच गेलं. लोक ओलायाला रस्त्यात गाठायचे, ती काहीतरी बोलायची, आणि त्यांचा चेहरा पडायचा.

दोघी आता नाहीत. आणि त्या पहिल्या सिनेमाच्या एकुलत्या एक उरलेल्या प्रतीच्या शेवटच्या रिळाला ओल लागली. चित्र वाचलं, आवाज गेला. सिनेमाच्या संग्रहालयातली नेरेआ नावाची मुलगी रीळ दुरुस्त करतेय. ती म्हणते, कन्सुएलोचे बाकीचे सिनेमे आहेत, त्यांतून तिचा आवाज संगणकावर पुन्हा घडवता येईल, तेच वाक्य तिच्याच आवाजात. कन्सुएलोच्या घरच्यांची हरकत नाही. एलादिओने फक्त हो म्हणायचं. नाहीतर शेवटचा प्रसंग मुका जाईल, आणि वाक्य गेलं म्हणजे एलादिओही गेला.

मग हो म्हणायला काय होतंय? होतंय असं की नेरेआने विचारल्यापासून त्याला झोप नाही. सहज म्हणून तो ओलायाचा खरा आवाज आठवायला गेला, आणि आठवेना. 'लालो, दूध उतू गेलं,' असं तिने त्याला म्हटलेलं काहीतरी साधं, घरातलं आठवायला जावं, तर तेही कन्सुएलोच्या रेशमी आवाजात ऐकू येतं. बहिणीने आंघोळ घातली, भरवलं, बाजारात उभं राहून शिकवलं, आणि त्या बहिणीचा आवाज त्याच्या डोक्यातून कुणी पुसून नेला? कुठे नोंदलेलाही नाही. सेटवर एक कच्ची टेप फिरायची, संकलकाच्या सोयीसाठी. काम झालं की ती पुसून पुन्हा वापरायची.

इतका थकलाय तो, की झोपसुद्धा थकून थकून येते.

कट्.

आवाज ओळखीचा आहे. सूर्यफुलाची खारवलेली बी दातांत धरून टरफल फोडल्याचा. पण या घरात असली बी यायची कधीच बंद झालीय. कवळीने कुठली फुटायला?

कट्.

समोरच्या खुर्चीत ओलाया बसलीय. मासळीबाजारातला मेणकापडाचा एप्रन, पायात रबरी बूट, मांडीवर कागदाचा पुडा. तिला जाऊन इतकी वर्षं झाली, पण एलादिओला नवल वाटत नाही. एवढा उशीर का केला हिने, इतकंच मनात येतं.

"पाय वर घे, लालो," ती म्हणते. "फरशी ओली आहे."

त्याला लालो म्हणणारं जगात एकच माणूस होतं, ते हे. पण आवाज! मऊ, खालच्या पट्टीतला. कन्सुएलोचा.

"असं काय गं? तुझ्या आवाजात बोल ना."

"हाच की माझा. तूच नाही का लावून दिलास?"

ती हसते. हसूसुद्धा कन्सुएलोचं. एलादिओचा जीव कानकोंडा होतो. फरशीवर खरंच पाणी आहे, उजेडाच्या रेघा त्यावर हलतायत. पावलांना गार लागतं, आणि उकाड्याने हैराण झालेल्या माणसाला ते बरंही वाटतं.

"ऊठ," ओलाया म्हणते. "खुर्चीत बसून आवाज सापडायचा नाही."

"दमलोय गं मी."

"दिसतंय. तरी ऊठ."

ती स्वयंपाकघराचं दार ढकलते. पलीकडे ओटा नाही, लांबलचक कॉरिडॉर आहे, सरकारी, हिरव्या रंगाचा. दोन्ही बाजूंना टेबलं, टेबलांमागे कॉलर आणि टाय घातलेले गृहस्थ. कॉलरच्या वर काही नीट दिसत नाही. प्रत्येकाच्या हातात लाल पेन्सिल.

हे एलादिओ कुठेही ओळखील. इथे पटकथा आणून द्यायची आणि बाकावर ताटकळत बसायचं. देशात तोंड उघडायची सोय नव्हती तेव्हा. कुठला शब्द चालेल, कुठला नाही, हे पेन्सिलवाले ठरवायचे. चुंबन गेलं, संप गेला, पाद्रीबुवांचं पोट गेलं. एकदा 'भूक' हा शब्द गेला होता, आणि त्याजागी 'सायंकाळ' लिहा असं सुचवलं होतं.

"आपण इथे बसायचो," तो म्हणतो. "तू पुडा घेऊन यायचीस."

"आणि टरफलं ह्यांच्या जिन्यावर टाकायचे. मुद्दाम."

जवळचा गृहस्थ कागदावर लाल रेघ ओढतो. एलादिओ वाकून बघतो. कागद मासळी बांधायचा आहे, त्याला खवले चिकटलेत, आणि अक्षर त्याचं स्वतःचं आहे. त्याचे हात आपोआप जोडले जातात, अजूनही, इतक्या वर्षांनी. "हे ठेवा ना, साहेब," तो म्हणायला लागतो, "यात तसं काही नाही..."

ओलाया त्याची बाही ओढते. "झालं तुझं सुरू! चल पुढे. आयुष्यभर ह्यांच्या हातापाया पडत आलास एकेका शब्दासाठी. मला बघ, मला कधी कुणी काही विचारलं नाही."

"म्हणजे?"

"इथे नको. भिंतींना कान आहेत."

जिना उतरावा तर खालच्या पायरीवर सेटचे दिवे लागलेले. खोटी भिंत, खोटी खिडकी, खिडकीत खोटा उजेड. सार्डिनच्या डब्यांचा डोंगर रचलाय एका कोपऱ्यात आणि त्याच्या पलीकडे गाढव उभं आहे, आपला प्रसंग कधी येतो याची वाट बघत. ओलाया एक डबा उलटा करून त्यावर बसते.

"माझा आवाज पुसला जाणार होता ना?" ती म्हणते.

"हो. पण तुझ्याशी बोलूनच ठरवलं होतं सगळं."

"तक्रार कुठे करतेय मी? नीट ऐक. पुसलाच जाणार, तर मी तुझी वाक्यं कशाला म्हणू?"



"तू माझी वाक्यं म्हणत नव्हतीस?"

"लांबी तेवढी ठेवायचे. ओठ हलले की झालं काम."

"काहीतरीच! मी समोर उभा असायचो!"

"समोर उभा नाही, कॅमेऱ्याला डोळा लावून. आणि सारखा ओरडत. हनुवटी वर! खिडकीकडे बघ! आता रड! आवाज नंतर भरायचा म्हणून तुला ओरडायला रान मोकळं. वर तो कॅमेरा शिवणयंत्रासारखा खडखडणारा. तुला कुठलं ऐकू यायला माझं?"

हे मात्र खरं आहे. सगळेच दिग्दर्शक ओरडायचे तेव्हा, पण एलादिओ जरा जास्तच. नव्या पोराला वाटतं, ओरडलं की दिग्दर्शक झालो.

"आणि संकलक? तो तर टेप ऐकायचा."

"एकदा ऐकली. पांढराफटक पडला बिचारा, आणि लगेच पुसून टाकली. पुढे तो ऐकायच्या आधीच पुसायचा."

"आणि समोरचे नट?"

"ते कुणाला सांगणार? सांगायला आधी तोंडातून काढावं लागलं असतं."

"म्हणायचीस तरी काय असं?"

ओलाया एक बी फोडते, टरफल हवेत उडवते.

"मनात येईल ते. आधी मासळीवर कर बसवणारा महापौर. मग पाद्रीबुवा. मग हात बसला, तसे ते सगळ्यांच्या वर बसलेले मोठे साहेब. लोक त्यांचं नाव घ्यायचं तर दारं लावून घ्यायचे. मी तोंडाला चांगली पावडर लावून, दिव्यांच्या उजेडात, कॅमेऱ्याकडे बघून, त्यांच्या आजीपासून सुरुवात करायचे. दुःखाचा प्रसंग असला तर रडत रडत. लोक म्हणायचे, काय डोळे आहेत हो! काय आग आहे!" ती पुढे वाकते. "सगळ्या देशाच्या तोंडाला कुलूप होतं, लालो. आणि एका मासळीवालीला सरकारमान्य पडद्यावर वाटेल ते बोलता येत होतं. आवाज गेला म्हणून तू माझ्यासाठी झुरतोयस? मला विचारशील तर मी मजा मारली."

एलादिओला हसू येतं. हसता हसता रडूही येतं, म्हातारपणी दोन्हींची दारं एकमेकांना लागून असतात. त्याच्या सगळ्या पटकथांमधून पेन्सिलवाल्यांनी जे जे काढून नेलं, ते पडद्यावर होतंच तर! थिएटरांत गेलं, परदेशांत गेलं, एका महोत्सवात त्याला टाळ्या पडल्या. त्याने लिहिलेलं नव्हतं एवढंच.

"कुणालाच कळलं नाही?"

"एकीला कळलं."

गाढवामागची भिंत सरकते. आत अंधारी खोली, पुढे पडदा, पडद्यासमोर उभी एक बाई, पाठमोरी, कानांवर हेडफोन, हातात कागद. पडद्यावर ओलायाचा भलामोठा चेहरा बोलतोय, आवाजाविना. पाठमोऱ्या बाईचे खांदे हलतायत.

"उचकी लागायची कन्सुएलोला," एलादिओ कुजबुजतो. "दर सिनेमात. आम्ही पाणी आणून द्यायचो."

"कसली उचकी? हसायची ती. दिवसच्या दिवस माझ्या ओठांकडे बघायचं, ते हलतील तसं बोलायचं, हेच तिचं काम. पहिल्याच आठवड्यात कळलं तिला सगळं."

"मग बोलली का नाही?"

"बोलली असती तर तुम्ही मला तुझी वाक्यं म्हणायला लावली असती. तिला माझीच आवडायची. दर नाताळात बदामाच्या वड्यांची पेटी यायची घरी. तुला वाटायचं, निर्माता पाठवतो."

एलादिओला ती पेटी आठवते. अर्ध्याहून जास्त तोच खायचा.

पाठमोरी बाई वळत नाही. पडद्यावर समुद्र येतो. गुडघाभर पाण्यात ओलाया. शेवटचं रीळ.

एलादिओचं हसू मावळतं. आता कळतंय त्याला की आपण या खोलीत का आलोय. पडद्यावरचे ओठ हलतात आणि पाठमोरी बाई त्या चालीवर म्हणते, "जा. पण समुद्राला माझं नाव सांगू नकोस." छान म्हणते. नेहमीच छान म्हणायची.

"इथे तू काय म्हणालीस?" तो विचारतो.

कट्. कट्. ओलाया बिया खाते.

"मला शिवी घातलीस ना? सांग. फेब्रुवारीत तुला तसल्या पाण्यात सकाळपासून उभी केली होती. घातली असलीस तर बरोबरच आहे."

"तुला वाक्याची काळजी लागलीय."

"वाक्य खड्ड्यात गेलं!" तो ओरडतो, अगदी सेटवर ओरडायचा तसा. मग आवाज बसतो. "ओलाया, मला तुझा आवाज आठवत नाही गं. घरातला सुद्धा नाही. मी किती प्रयत्न केला. तू मला हाक मारतेस आणि तोंडातून ही बाई बोलते. मी मरायला टेकलोय, आणि तिकडे आलो की तू हाक मारशील, आणि मला कळणारच नाही की ती तू आहेस."

ओलाया त्याच्याकडे बघते. कागदाच्या पुड्याचं तोंड ती दुमडते, नीट, गिऱ्हाइकाला द्यायचा असल्यासारखं.

"चल मग," ती म्हणते. "परत एकदा घेऊ तो प्रसंग."

खोलीत पाणी चढतं. पडद्यातलं पाणी आणि फरशीवरचं पाणी आता एकच आहे. एलादिओ होडीत उभा आहे, कॅमेऱ्यामागे, तरणाबांड, अंगात नवाकोरा पांढरा शर्ट. त्या दिवशी वर्तमानपत्राचा छायाचित्रकार येणार होता. दिग्दर्शकाचा फोटो आणि अंगात घरी विणलेला निळा स्वेटर? छे! तो त्याने होडीच्या तळाशी, जाळ्याखाली कोंबलाय. वारा चावतोय. दात वाजतायत, पण चेहरा दिग्दर्शकाचा आहे.

तिकडे ओलाया पाण्यात उभी राहते.

तो कॅमेऱ्याला डोळा लावतो. उजेड सुरेख आहे. "हनुवटी वर!" तो ओरडतो. "आता बोल!"

ओठ हलतात. "जा. पण समुद्राला माझं नाव..."

"नाही, नाही! पुन्हा!"

पुन्हा तेच. रेशमी, सुबक. पुन्हा. तेच. किती वेळा झालं कोण जाणे. ऊन तिथेच आहे, लाट तीच आहे, आणि एलादिओच्या हातापायांत त्राण उरलेलं नाही. सगळं आयुष्य हेच करत आलोय आपण, त्याला वाटतं, पुन्हा म्हणायचं आणि तेच ऐकायचं.

ओलाया कमरेवर हात ठेवते. मासळीबाजारात घासाघीस करणाऱ्याकडे बघावं तशी बघते.

"डोळा काढ तिथून," ती म्हणते. "आणि तोंड मीट."

"डोळा काढला तर प्रसंग जाईल."

"जाऊ दे."

सोपं नाही ते. तुम्ही म्हणाल, त्यात काय एवढं? पण ज्याने जन्मभर त्या काचेतूनच जग बघितलं त्याला विचारा. एलादिओ डोळा काढतो. तोंड मिटतो. कॅमेऱ्याचा खडखडाट थांबतो. समुद्राचाही आवाज थांबतो.

आणि त्याला दिसतं, की ती कॅमेऱ्याकडे बघतच नव्हती. या प्रसंगात एकदाही नाही. जरा बाजूला, कॅमेऱ्यामागे जो पोरगा नव्या शर्टात कुडकुडतोय त्याच्याकडे बघत होती. नाक लाल झालेलं, डोळ्यांत पाणी. त्या पाण्यावर सगळं जग हळहळलं. ते धाकट्या भावाला हुडहुडी भरली होती म्हणून आलं होतं.

ओठ हलतात. आणि येतो तो आवाज. घोगरा, फाटका, बाजाराच्या या टोकाकडून त्या टोकाला ऐकू जाणारा, कान किटवणारा, घरचा.

"स्वेटर घाल की रे, लालो! गारठून मरशील!"

एलादिओचे डोळे उघडतात.

तीच खुर्ची, तीच फरशी, कोरडी ठणठणीत. उजेडाच्या रेघा भिंतीवर सरकल्यात. फोन वाजतोय, बहुतेक मघापासूनच. मान आखडलीय. तोंडाला खारट चव आहे. खालच्या ओठाला काहीतरी चिकटलंय, ते तो बोटाने काढतो आणि पट्ट्यांच्या उजेडात धरतो. सूर्यफुलाच्या बीचं टरफल आहे. मधोमध, सरळ फोडलेलं. असं फोडायला स्वतःचे धड दात लागतात.

तो ते तळहातावर ठेवतो, आणि दुसऱ्या हाताने फोन उचलतो.

"डॉन एलादिओ? मी नेरेआ. झोपमोड केली का?" तिकडे वडीलधाऱ्यांना आदराने डॉन म्हणतात.

"नाही नाही. बोल."

"मग काय ठरलं? कामाला लागू ना? परवा मी नमुना ऐकला, खरं सांगते, अंगावर काटा आला. हुबेहूब कन्सुएलो."

"नको," एलादिओ म्हणतो.

"नको? म्हणजे दुसऱ्या कुणाचा आवाज?"

"कुणाचाच नको. मुका जाऊ दे शेवट."

"डॉन एलादिओ, असं कसं? लोक त्या वाक्यासाठी येणार. तुमचं सगळ्यांत..." मुलगी चांगल्या घरची आहे, वाक्य पुरं करत नाही.

"माझं एकुलतं एक वाक्य आहे ते, म्हण की. मला ठाऊक आहे. पण ती ते म्हणालीच नव्हती गं."

"कोण?"

"माझी बहीण."

"मग काय म्हणाली होती?"

आता सांगून टाकावं असं त्याला फार वाटतं. जिभेवर येतं. पण हे खरंच होतं की उकाड्यात एका म्हाताऱ्याच्या मेंदूने रचलं होतं? टरफलाचं काय, कुठल्या जुन्या खिशातून पडलेलं असू शकतं. तो ओठ आवळून धरतो.

"रीळ आहे तुझ्यासमोर?"

"आहे ना, पडद्यावरच आहे."

"मग बघ. वाक्य विसर. मी तसलं काही लिहिलंच नव्हतं असं समज, आणि तिच्या तोंडाकडे बघ."

बटणांचा आवाज येतो. मग पुन्हा बटणं. एलादिओ तळहातावरच्या टरफलाकडे बघत बसतो.

"पुन्हा बघते हं," नेरेआ म्हणते. आणि बऱ्याच वेळाने, अगदी हळू आवाजात, "डॉन एलादिओ... मला वेड्यात काढू नका, पण ही... ही 'स्वेटर' म्हणतेय का?"

तो मान हलवतो, फोनवर मान दिसत नाही हे विसरून.

"स्वेटर घाल," नेरेआ म्हणते. "असंच काहीतरी. अय्या! माझी आई अगदी अशीच..." आणि ती थांबते. ती हसतेय की काय करतेय हे इकडून कळत नाही.

"मुका जाऊ दे," एलादिओ म्हणतो. "ठेवतो आता."

मग तो उठतो. गुडघे कुरकुरतात. आतल्या खोलीत जाऊन कपाटाचा खालचा खण ओढतो, चादरींच्या तळाशी हात घालतो. निळा आहे, जाड, कोपराला विरलेला, कसरीने दोन ठिकाणी खाल्लेला. डांबराच्या गोळ्यांचा वास मारतोय. बाहेर ऊन अजून तसंच मी म्हणतंय, आणि त्याचा सदरा घामाने आधीच पाठीला चिकटलाय.

"घालतो गं बाई, घालतो," तो म्हणतो.

आणि डोक्यातून स्वेटर घालतो, बाह्या नीट खाली ओढतो, आणि खुर्चीत जाऊन बसतो.